तेरणेवरची स्लो बोट

तेरहून कर्नाटकात होडीने जाता येतं. नकाशावर. नकाशात तेरणा निळ्या शाईने काढलेली असते आणि निळ्या शाईत होडीचा तळ टेकत नाही. तेरखेड्याला उगम, मग तेर, मग माकणीचं धरण, पुढे किल्लारी, मदनसुरी, आणि औराद शहाजानीच्या शिवारात तेरणा मांजरेला मिळाली की पलीकडे बीदर जिल्हा. अंगात आणखी दम असेल तर मांजरेतून निजामसागर, कंदकुर्तीला गोदावरी आणि थेट बंगालचा उपसागर. मी हयातभर इतिहास-भूगोल शिकवलेला माणूस. उपसागरापर्यंतचा बेत मी दुपारच्या झोपेआधीच पुरा केला आणि उठल्यावर बायकोला म्हणालो, "आपल्याला होडी घ्यायची आहे."

ती म्हणाली, "आधी टाकीचा कॉक बदला. गळतोय."

हे सगळं मेव्हण्यामुळं झालं. तो पुण्यात असतो, आणि पुण्यातल्या माणसांना हल्ली जोडून सुट्टी मिळाली की ती देशच ओलांडतात. दसऱ्याला आला तो लाओसच्या गोष्टी घेऊन. थायलंडातल्या च्यांग खोंगहून पूल ओलांडून मेकाँगच्या पलीकडे जायचं, हुआय साय गावी लाओसचा शिक्का घ्यायचा आणि लांबलचक लाकडी बोटीत बसायचं. दोन दिवस बोट प्रवाहाबरोबर जाते. रात्री पाकबेंग नावाच्या खेड्यात मुक्काम, दुसऱ्या संध्याकाळी लुआंग प्रबांग. बसायला जुन्या मोटारींतून काढलेल्या सीटा. 'स्लो बोट' म्हणतात तिला, आणि स्लो असल्याचे पैसे देऊन गोरे लोक तिच्यात बसतात.

"तिकीट आत फाडतात की धक्क्यावर?" आमच्या कंडक्टरने विचारलं. हा माझा शेजारी. एसटीतून निवृत्त झाला, पण कंडक्टर तो कंडक्टरच. गल्लीत त्याला दुसरं नाव उरलेलं नाही.

मेव्हणा म्हणाला, "दाजी, तुम्हीही जाऊन या एकदा. इथं काय, तुमच्याकडं नदीच नाही."

आता हे वाक्य धाराशिव जिल्ह्यातल्या माणसाला जेवताना म्हणू नये. नदी नाही? तेरणा आहे, मांजरा आहे, नळदुर्गची बोरी आहे, परंड्याकडं सीना आहे. पाणी नसेल, तो भाग वेगळा. आणि तेर म्हणजे काय साधं गाव आहे? पहिल्या शतकात एका ग्रीक दर्यावर्दी व्यापाऱ्याने 'पेरिप्लस' लिहिलं, त्यात पैठणपासून पूर्वेला दहा दिवसांच्या वाटेवर 'तगर' नावाचं मोठं शहर असल्याची नोंद आहे. ते तगर म्हणजे आमचं तेर. इथलं कापड, मलमल भडोचच्या बंदरातून रोमपर्यंत जायचं. तेरला हस्तिदंताची बाहुली सापडली, तिच्यासारखीच दुसरी 1938 साली इटलीत पॉम्पेईच्या राखेखाली मिळाली. ज्या गावची बाहुली पॉम्पेईला पोचते, त्या गावचा मास्तर बीदर जिल्ह्यात पोचणार नाही? मी भरल्या ताटावर प्रतिज्ञा केली. मेव्हण्याने श्रीखंड वाढून घेतलं.

होडी उजनीच्या फुगवट्याकडून आणली. पत्र्याची, मासेमारीची, दोन ठिकाणी डांबर लावलेली. विकणाऱ्याने "कुठं न्यायचीय?" म्हणून विचारलं, मी "धाराशिव" म्हणालो, तेव्हा त्याने पैसे आधी मोजून घेतले. छोटा हत्तीवर लादून बार्शीमार्गे येताना चहाच्या प्रत्येक टपरीवर माणसं जमली. आम्हाला गाडीवर पाणी पाहायची सवय आहे. 2016 च्या उन्हाळ्यात तर शेजारच्या लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणलं होतं. पण गाडीवर होडी म्हणजे काय, हे कुणाच्या डोक्यात शिरेना. "शूटिंग हाय का ओ?" एकाने विचारलं. "सत्यनारायणाचा देखावा असंल," दुसऱ्याने परस्पर सांगितलं.

होडी अंगणात उतरली. पहिल्या दिवशी बायकोने तिच्यात ज्वारी वाळत घातली. दुसऱ्या दिवशी शेजारची शेळी चढून बसली ती उतरेना. उस्मानाबादी जात, काळीभोर, कान लोंबते आणि स्वभाव माझ्या मेव्हण्याचा. गल्लीतल्या एका आजीने होडीभोवती एक फेरी मारली, पत्र्यावर बोटाने टिचकी वाजवली आणि सांगितलं, "जनावरास्नी पाणी पाजायला बरी हाय." वापराबद्दलचा हा एकमेव जाणकार सल्ला होता.

दिवाळीनंतर निघायचं ठरवलं. पावसाळ्यात तेरणा कधी चढेल याचा नेम नसतो, आणि मी पोहायला शिकलो तो विहिरीत कमरेला भोपळा बांधून. भोपळा सोडायचा धडा राहूनच गेला. पाऊस संपलाय, धरणं भरलीत, पूर ओसरलाय, म्हणजे हीच वेळ, असा माझा हिशेब. पाऊस संपला की तेरणाकाठचा शेतकरी काय करतो, हे मी कुणालाच विचारलं नाही. तो बंधाऱ्याला दारं बसवतो. पाणी अडवतो. त्यात त्याची चूक काही नाही, हरभरा तो मेव्हण्याला दाखवायला पेरत नाही.

तेरला तेरणेच्या काठीच गोरोबाकाकांचं देऊळ आहे. दर्शन घेतलं, नारळ फोडला. काकांची गोष्ट महाराष्ट्राला ठाऊक आहे. मुक्ताबाईच्या सांगण्यावरून काकांनी थापटणं घेऊन जमलेल्या संतांच्या डोक्यावर एकेक मारून पाहिलं आणि नामदेवांचं मडकं कच्चं निघालं. कंडक्टर पायरीवर बसून शांतपणे म्हणाला, "मास्तर, काका असते तर आपला इथंच निकाल लागला असता. कर्नाटकापर्यंत जायचं काम नव्हतं."

होडी पाण्यात ढकलली. काठावर पोरं, चार-दोन म्हातारे, धुण्याला आलेल्या बाया. मी पुढे वल्हं घेऊन, कंडक्टर मागे पिशव्या सांभाळत. पिशव्यांत शेंगदाण्याची चटणी, कडक भाकरी, ठेचा आणि बायकोने न मागता दिलेली मोबाईलची पॉवर बँक. कंडक्टरने सवयीने दोनदा टिचकी मारली, डबल बेल. होडी निघाली, अंदाजे बैलगाडीच्या लांबीइतकी पुढे गेली आणि थांबली. खाली गाळ.

"काय करूलालाव ओ मास्तर?" काठावरून आवाज आला. माझाच जुना विद्यार्थी. भूगोलात त्याला मी पास केलं होतं.

"प्रवास करतोय."

"मग उतरा की. चालत लौकर जाताव."

उतरलो. गुडघाभर पाण्यात होडी ढकलत निघालो. पुढे पाणी खोल झालं तेव्हा बसलो, तर जलपर्णी. हिरवीगार चादर, वर जांभळी फुलं, दिसायला देखणी. वल्हं आत घातलं की चार किलो मुळ्या घेऊनच वर येतं. काठाने बेशरमाची दाट झाडी, बाहेर उतरायची सोय नाही. त्यात दर शंभर पावलांवर कुणाच्या ना कुणाच्या मोटारीचा पाईप पाण्यात सोडलेला आणि वर वायर. वायर आली की कंडक्टर ओरडायचा, "खाली वाका, पूल!" आणि आम्ही दोघं तळाशी आडवे व्हायचो. एकदा आडवे असतानाच एक म्हैस पोहत आमच्या शेजारून पुढे गेली. तिने वळून पाहिलंसुद्धा नाही. स्लो बोट म्हणजे काय ते मला तिथं समजलं. मेकाँगवर निदान म्हशी मागे पडत असतील.

मग पहिला बंधारा. अलीकडे तुडुंब पाणी, दारं बसवलेली, पलीकडे दगडगोटे आणि मधे एक ओहळ, ज्यात बगळा उभा होता आणि त्याचे गुडघे कोरडे होते. नदी संपली होती. म्हणजे होती, पण अलीकडेच होती. होडी उचलायला माणसं गोळा करावी लागली. ती आली, त्यांनी होडी उचलली, पलीकडे कोरड्या वाळूत ठेवली आणि चहाचे पैसे घेतले. जाताना एकाने विचारलं, "आता हितून कसं?" या प्रश्नाचं उत्तर मी आयुष्यात पहिल्यांदाच विद्यार्थ्यांकडून अपेक्षित ठेवलं.

उत्तर उसाच्या ट्रॅक्टरने दिलं. कारखान्यांचं गाळप सुरू झालं होतं, रस्त्यावर जोडट्रॉल्यांची रांग होती. एका चालकाला दया आली, किंवा करमणूक हवी होती. उसाच्या वर होडी, होडीत आम्ही. माकणीच्या दिशेने निघालो. वरून शिवार फार सुरेख दिसतं, हे मी मोकळेपणाने सांगतो. तूर फुलोऱ्यात, ज्वारी कमरेएवढी, आणि मी होडीच्या टोकाला बसून वल्हं उगाच मांडीवर धरलेलं. समोरून येणारे मोटरसायकलवाले थांबून हात जोडायचे. त्यांना बहुतेक मिरवणूक वाटली असावी.

चालकाने आम्हाला माकणीच्या फाट्यावर सोडायचं कबूल केलं होतं. पण त्याला झोप लागेल म्हणून कंडक्टर त्याच्याशेजारी बसला, दोघांच्या गप्पा जमल्या, फाटा मागे राहिला आणि मी वर डुलक्या घेत होतो. जाग आली ती कारखान्याच्या काट्यासमोर. काट्यावरच्या कारकुनाने वर पाहिलं.

"हे काय?"

"होडी."

"उसात धरायची का वजा करायची?"

यावर बरीच चर्चा झाली. चालकाचं म्हणणं, धरा. कारकुनाचं म्हणणं, उतरवा. शेवटी आम्ही उतरलो. नदीपासून कैक मैल लांब, कारखान्याच्या पटांगणात, धुराड्याखाली, होडीत बसलेले दोन निवृत्त इसम. रांगेतल्या गाड्यांजवळ ऊसतोड टोळ्यांची पोरं खेळत होती. ती आली आणि न विचारता होडीत चढली. एका पाच-सहा वर्षांच्या मुलीने उसाचं एक कांडं उचललं, होडीच्या कडेला टेकून बसली आणि जोरजोरात वल्हवायला लागली. तिचं वल्हं माझ्यापेक्षा चांगलं चालत होतं. मधेच थांबून तिने वल्ह्याचा एक घास खाल्ला आणि पुन्हा वल्हवलं. "कुठं चाललीस गं?" मी विचारलं. "गावाकडं," ती म्हणाली.

त्या पटांगणात मला 'पेरिप्लस'मधलं पुढचं वाक्य आठवलं. मी ते वर्षानुवर्षं वर्गात लिहून दिलं होतं, परीक्षेत विचारलं होतं, चुकवणाऱ्याचे गुण कापले होते. तगरचा माल भडोचला जायचा तो गाड्यांवरून, रस्ता नसलेल्या मोठमोठ्या मुलखातून. नाव, होडी, तराफा यांचा तिथं उल्लेख नाही. दोन हजार वर्षांपूर्वीच्या माणसांना तेरणा कशासाठी असते ते बरोबर कळत होतं. मी कंडक्टरला हे सांगितलं. तो म्हणाला, "म्हणजे आपण रूटवरच हाव की."

कसेबसे माकणीला पोचलो, आणि तिथं मात्र खरं पाणी होतं. निम्न तेरणा प्रकल्पाचा जलाशय भरला की डोळ्यांत मावत नाही. आम्ही होडी घातली, ती तरंगली, तळ टेकला नाही. मला भरून आलं. मग वारा सुटला. दोन माणसं, एक वल्हं आणि वारा असला की होडी गोल फिरते, हा भौतिकशास्त्राचा भाग असल्याने माझ्या विषयात नव्हता. आम्ही एकाच जागी इतके गोल फिरलो की धरणाची भिंत कधी उजवीकडे, कधी डावीकडे, कधी पाठीमागे दिसायची. तेवढ्यात एक मासेमार आला. थर्माकोलच्या जाड तुकड्यावर मांडी घालून बसलेला, दोन्ही हातांत प्लास्टिकच्या दोन ताटल्या, त्यांनीच पाणी मागे सारत सरळ रेषेत. मांडीवर ओलं जाळं, तोंडात बिडी, आणि बिडी विझलेली नव्हती. तो आमच्याभोवती एक चक्कर मारून म्हणाला, "होडी इकूलालाव का?"

"नाही, प्रवासाला निघालोय."

"हितल्या हितं?"

रात्री काठावर झोपलो. मध्यरात्री बॅटरीचे झोत अंगावर आले. नदीकाठी रात्री होडी म्हणजे वाळू, हे आता शेंबड्या पोरालाही कळतं. मला तेवढं कळलं नव्हतं. "वाळू कुठंय?" एका आवाजाने विचारलं. मी सविस्तर सांगितलं. मेकाँग, मेव्हणा, तगर, भडोच. सगळं ऐकून घेतल्यावर दोघांनी बाजूला जाऊन विचार केला. "वाळूवाला न्हाई," एक दुसऱ्याला म्हणाला, "असलं काही वाळूवाला बोलत नसतोय. तोंडाचा वास घे." वास घेतला गेला. ठेच्याचा होता. झाडून होडी तपासली, तळाशी ओंजळभर वाळू निघाली, ती आमच्याच चपलांतली. आम्हाला सोडलं. कंडक्टर रात्रभर धुमसत राहिला. वाळूचोर म्हटल्याचं त्याला काही नव्हतं. आपलं ओळखपत्र कुणी मागितलंच नाही, हे त्याला लागलं होतं.

माकणीच्या खाली आलात की सास्तूर, किल्लारी. इथं विनोद सुचत नाही. 30 सप्टेंबर 1993 च्या पहाटे, विसर्जनाहून दमून झोपलेली ही गावं दगडमातीखाली गेली. माणसं हजारोंनी गेली. धरणाच्या पाण्याचा त्याच्याशी काही संबंध होता का, यावर भूशास्त्रज्ञांनी पुढे खूप वाद घातले. नवी गावं लांब वसली. कंडक्टर तेव्हा नोकरीत होता. माणसं आणि भाकऱ्या वाहून नेणाऱ्या गाडीवर त्याने ड्यूटी केली होती. तो पट्टा आम्ही दोघांनी न बोलता पार केला.

पुढे बंधाऱ्यांची ओळच आहे. किल्लारी, मदनसुरी, लिंबाळा, तगरखेडा, औराद. प्रत्येक ठिकाणी तेच. थोडं पाणी, मग भिंत, मग माणसं गोळा करा, उचला, चहा, ट्रॅक्टर, पुन्हा पाणी. चहाचा खर्च एवढा झाला की तेवढ्यात लाओसचा व्हिसा आला असता. एका गावात पोरांनी होडी उचलताना हिशेब मांडून दाखवला. ती पाण्यावर जितकी चालली, त्याच्या दुप्पट ट्रॅक्टरवर चालली होती. त्यातलं कर्नाटकात किती धरायचं, यावर त्यांच्यात पैज लागली.

सीमा एकदाची आली. मी उभा राहिलो. मेव्हण्याला फोटो पाठवायचा होता. पण फोटोत दाखवायला सीमा कुठंच नव्हती. पाटी नाही, शिक्का नाही, पलीकडेही तसाच ऊस, तसाच बेशरम. 1948 पर्यंत दोन्ही काठ निजामाचे. ही रेघ पडली 1 नोव्हेंबर 1956 ला. बीदर म्हैसूर राज्यात गेलं, आणि तोवर बीदर जिल्ह्यात असलेला निलंग्याचा भाग आमच्याकडे आला. पुढे 1982 ला तोही लातूरबरोबर वेगळा झाला. म्हणजे आजोबांनी जी सीमा कधी पाहिलीच नाही, ती ओलांडायला मी घरून पत्रा घेऊन निघालो होतो.

मी आठवडाभर एक कानडी वाक्य पाठ केलं होतं. पलीकडच्या काठावर एक गृहस्थ बैल धूत होते. मी छाती भरून ओरडलो, "नमस्कारा! नीवू हेगिद्दीरी?"

त्यांनी बैलाच्या पाठीवर पाणी मारलं आणि म्हणाले, "बरं हाव की. तुमी कुठले पाव्हणे? मासं हायत का?"

मेव्हण्याला फोटो पाठवला तो शेवटी बैलाचा. त्याने अंगठा पाठवला.

तर आता मुद्द्याचं. होडी विकायची आहे. पत्र्याची, उजनीची बांधणी, दोघांना बसायला ऐसपैस, पोरं असतील तर आठ. एकहाती वापर. ट्रॅक्टर, ट्रॉली आणि छोटा हत्तीवर बरीच फिरलेली, पाण्यात मात्र अगदी कमी चाललेली. तळाचं डांबर ताजं आहे. वल्हं सोबत मिळेल. धाराशिवला येऊन कुणालाही विचारा, होडीवाले मास्तर कुठं राहतात. आतली शेळी तेवढी उठवून न्यावी लागेल, ती आमची नाही.